येशिलचाममधली ‘सेक्स फुर्यासी’

तुर्की चित्रपटसृष्टीत साधारण 1974 ते 1980 या काळात आलेली प्रौढपटांची लाट. ‘फुर्या’ म्हणजे झुंबड, सुळसुळाट. येशिलचाम ही इस्तंबूलच्या बेयोलू भागातली एक गल्ली. निर्मात्यांच्या कचेऱ्या तिथे असल्याने सगळ्या चित्रपटधंद्यालाच तिचे नाव पडले. 1972 च्या सुमारास वर्षाला तीनशेच्या आसपास चित्रपट निघत; रडवणारे कौटुंबिक कथानक हा हुकमी माल आणि बायकामुले हा हक्काचा प्रेक्षक. दूरचित्रवाणीने तो प्रेक्षक घरी बसवला. त्यातच डाव्या-उजव्या गटांत रस्त्यावर गोळ्या झडू लागल्या आणि संध्याकाळी सहकुटुंब बाहेर पडणे जिवावरचे झाले. थिएटरात उरले एकटेदुकटे पुरुष. नीतिमत्ता घसरली म्हणून ही लाट आली, असे म्हणणाऱ्यांनी आधी रिकाम्या खुर्च्या मोजायला हव्या होत्या.

इटालियन चावट विनोदपटांना गर्दी होते हे पाहून त्याच धर्तीवर काम सुरू झाले. ओक्साल पेकमेझोलू यांचा ‘बेश तावुक बिर होरोझ’ (1974) हा लाटेचा आरंभ मानतात. नावाचा अर्थ ‘पाच कोंबड्या, एक कोंबडा’. कथा वेगळी सांगायला नको. सुरुवातीचा मामला असा थट्टेचाच होता. पुढे खर्च कमी म्हणून 16 मिमी फिल्म वापरात आली आणि उघडेपणा वाढत गेला. 1979 मध्ये निघालेल्या 195 चित्रपटांपैकी 131 याच जातीचे होते.

या धंद्यातला खास शब्द ‘पार्चा’, म्हणजे तुकडा. सेन्सॉरकडे जाणारी प्रत सोवळी असे. प्रमाणपत्र हाती पडले की ऑपरेटर केबिनमध्ये रिळाच्या मध्येच भलत्याच, बहुधा परदेशी, चित्रपटाचा तुकडा जोडी. नायिका दार लोटून घेई आणि आत दिसे ती दुसरीच बाई. कथेशी त्याचा संबंध नसे, आणि प्रेक्षकांची त्याबद्दल तक्रारही नसे.

12 सप्टेंबर 1980 च्या लष्करी उठावानंतर हे चित्रपट बंद पडले. पडद्यावर अराबेस्क, म्हणजे अरबी वळणाची दर्दभरी गाणी गाणाऱ्या, गायकांचे चित्रपट आले, घरोघरी व्हिडिओ शिरला. आयदेमिर अकबाश, अली पोइराझोलू हे नट रंगभूमीवर आणि पडद्यावर काम करत राहिले. झेरिन एगेलिलेरसारख्या नट्यांवर मात्र कायमचा शिक्का बसला. आर्झू ओकाय अभिनय सोडून पॅरिसला स्थायिक झाली.