देवाच्या दरबारातला फिर्यादी: सैतान कसा घडत गेला

दावीद राजाने इस्राएलची शिरगणती केली, ती गोष्ट हिब्रू बायबलमध्ये दोनदा येते. शमुवेलाच्या दुसऱ्या पुस्तकात, २४व्या अध्यायात, परमेश्वराचा कोप भडकतो आणि तोच दाविदाला गणती करायला उद्युक्त करतो. गणती होते, ती पाप ठरते आणि देवाने पाठवलेल्या साथीत ७० हजार माणसे मरतात. पुढे काही शतकांनी, बाबिलोनच्या बंदिवासानंतर, हाच इतिहास नव्याने लिहिला गेला. तो इतिहासाच्या पहिल्या पुस्तकाच्या २१व्या अध्यायात आहे. राजा तोच, गणतीला नाखूश असलेला सेनापती यवाब तोच, मृतांचा आकडाही तोच. साथ इथेही देवच पाठवतो. पण दाविदाच्या मनात गणतीची कल्पना भरवणारा आता देव नाही, सैतान आहे.

या एका दुरुस्तीत पुढच्या सगळ्या कथेचे बीज आहे. देव एकच, तोच न्यायी, तोच सर्वशक्तिमान, असे एकदा मानले की एक प्रश्न टाळता येत नाही: साथ, दुष्काळ, निरपराध लेकराचे मरण कोणाच्या नावावर मांडायचे? जुन्या इस्राएलने ते बिनदिक्कत देवाच्याच नावावर मांडले. यशयाच्या ४५व्या अध्यायात देव स्वतः म्हणतो की प्रकाश मीच घडवतो आणि अंधारही मीच, शांती मीच देतो आणि अरिष्टही मीच आणतो. नंतरच्या लेखकाला हे लिहिणे जड गेले. देवाचे नाव निष्कलंक ठेवायचे, तर दोष घ्यायला दुसरे कोणी हवे होते. माझ्या मते सैतानाचा इतिहास हा मुळात या गरजेचा इतिहास आहे. त्याची शिंगे आणि शेपूट फार उशिरा आली.

आरंभी ‘सैतान’ हे कोणाचे नावदेखील नव्हते. विरोध करणारा, वाट अडवणारा, आरोप ठेवणारा, एवढाच त्या हिब्रू शब्दाचा अर्थ. गणना या पुस्तकात बलाम नावाचा द्रष्टा गाढवीवर बसून निघतो, तेव्हा उपसलेली तलवार घेऊन त्याची वाट अडवायला उभा राहतो तो परमेश्वराचाच दूत, आणि त्या दूतासाठी हाच शब्द वापरला आहे. पलिष्ट्यांच्या सरदारांना भीती वाटते की दावीद ऐन लढाईत आपल्यावर उलटेल, आपला ‘सैतान’ होईल. म्हणजे तो देवदूत असू शकतो, हाडामांसाचा माणूसही असू शकतो.

ईयोबाच्या पुस्तकात तो पद धारण करून येतो. देवपुत्र परमेश्वरासमोर हजर होतात, त्यांच्यात हाही असतो. कुठून आलास, असे देव विचारतो. पृथ्वीवर हिंडून फिरून आलो, असे तो सांगतो. मग तो आपली शंका मांडतो: ईयोब तुझी भक्ती करतो ती फुकट का? त्याची संपत्ती काढून घे आणि बघ. हा देवाच्या दरबारातला सरकारी वकील आहे. तो परवानगी घेतो, आणि परवानगीला मर्यादा आहे. आधी ईयोबाच्या देहाला हात लावायचा नाही, नंतर जीव घ्यायचा नाही. तो ती मर्यादा ओलांडत नाही. जखऱ्याच्या तिसऱ्या अध्यायात, इ.स.पू. ५२०च्या सुमाराला, तो प्रमुख याजक यहोशवाच्या उजव्या हाताला उभा राहून त्याच्यावर आरोप ठेवतो. यहोशवाच्या अंगावर मळकी वस्त्रे आहेत, म्हणजे आरोपात तथ्य आहे. तरी देव फिर्यादीलाच धमकावतो आणि याजकाला स्वच्छ वस्त्रे घालायला लावतो.

आणि एदेन बागेतला साप? उत्पत्तीच्या तिसऱ्या अध्यायात त्याला कुठेही सैतान म्हटलेले नाही. तो इतर प्राण्यांपेक्षा धूर्त असा एक प्राणी आहे, बस्स.

इ.स.पू. ५८६मध्ये बाबिलोनी सैन्याने यरुशलेमचे मंदिर जाळले. इ.स.पू. ५३९मध्ये इराणच्या सायरसने बाबिलोन जिंकले आणि यहुदी पुढची दोनशे वर्षे इराणी साम्राज्यात राहिले. आपल्याकडच्या पारशी समाजाने जपलेल्या जरथुष्ट्राच्या धर्मात अहुर मज्द आणि त्याचा वैरी अंग्र मैन्यू यांचा संघर्ष आहे. त्याची छाप यहुदी विचारावर पडली असावी, असे अनेक अभ्यासक मानतात. मला ते शक्य वाटते, पुरेसे वाटत नाही. यशयातले ते प्रकाश-अंधाराचे वचन सायरसलाच उद्देशून आहे. इराणच्या दाराशी उभे राहून तो कवी दोन शक्तींची कल्पना ठामपणे नाकारतो. बाहेरून कल्पना येऊ शकते, पण घरात तिची गरज निर्माण झाल्याशिवाय ती रुजत नाही.

ती गरज इ.स.पू. तिसऱ्या आणि दुसऱ्या शतकांत तीव्र झाली. हनोख या पुराणपुरुषाच्या नावाने लिहिलेल्या यहुदी ग्रंथात २०० देवदूत हर्मोन पर्वतावर उतरतात. त्यांचा म्होरक्या शेमीहाजा घाबरतो की पापाची शिक्षा आपल्या एकट्यावर येईल, म्हणून सगळे मिळून शपथ घेतात. ते मानवी स्त्रियांशी लग्ने करतात, राक्षसी देहाची मुले होतात आणि ती माणसे खाऊ लागतात. त्यांच्यातला अजाजेल माणसांना तलवारी, ढाली, दागिने आणि डोळ्यांत घालायचे अंजन करायला शिकवतो. शेवटी देवाचा दूत राफाएल त्याचे हातपाय बांधून त्याला वाळवंटात खडकांखाली गाडतो. हा ग्रंथ इथिओपियाच्या चर्चने गीझ भाषेत संपूर्ण जपला, आणि त्याच्या अरामी प्रतींचे तुकडे मृत समुद्राकाठच्या कुमरानच्या गुहांत सापडले. जगातले दुष्टपण स्वर्गातून फितूर झालेल्यांकडून आले, हे उत्तर इथे पहिल्यांदा सविस्तर मांडले गेले. देव त्यातून सुटला.

ज्युबिलीज या त्याच काळातल्या यहुदी ग्रंथात दुष्ट आत्म्यांचा प्रमुख मस्तेमा देवाकडे गाऱ्हाणे घेऊन जातो. सगळेच आत्मे बांधून टाकले तर माझे काम कसे चालणार? देव दहावा हिस्सा त्याच्याकडे राहू देतो. अब्राहामाने मुलाचा बळी द्यावा ही कल्पनाही या ग्रंथात मस्तेमाची आहे. दाविदाच्या शिरगणतीत झाली तीच दुरुस्ती पुन्हा झालेली दिसते.

इ.स.पू. १६७मध्ये ग्रीक राजा अंतियोख चौथा याने यरुशलेमच्या मंदिरात परक्या देवाची पूजा सुरू केली, सुंता आणि शब्बाथ यांवर बंदी घातली. धर्म पाळणारेच मारले गेले. पापाची शिक्षा म्हणून संकट येते हा जुना हिशेब इथे पुरता कोलमडला. मृत समुद्राकाठच्या पंथाने मग सारे जग दोन छावण्यांत वाटले: एकीकडे प्रकाशाचे पुत्र, दुसरीकडे बलियालच्या, म्हणजे सैतानाच्याच, वाट्याचे अंधाराचे पुत्र. या दुसऱ्या छावणीत परकी राष्ट्रे होतीच, पण ‘करार मोडणारे’ स्वतःच्याच धर्माचे लोकही होते. ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. सैतान मोठा होत गेला तो दूरच्या शत्रूपेक्षा जवळच्या माणसाशी झालेल्या भांडणात.

ख्रिस्ती धर्म याच वातावरणात जन्मला. येशू ४० दिवस अरण्यात सैतानाच्या परीक्षेला तोंड देतो, भुते काढतो, आणि लूकच्या दहाव्या अध्यायात म्हणतो की सैतानाला विजेसारखा आकाशातून पडताना मी पाहिले. विरोधक उलट त्याच्यावरच आळ घेतात की हा भुतांच्या अधिपतीच्या, बालजबूलच्या, साहाय्याने भुते काढतो. यहूदाच्या अंतरात सैतान शिरतो आणि तो गुरूला धरून देतो. योहानाच्या शुभवर्तमानात तो ‘या जगाचा अधिपती’ आहे, आणि त्याच पुस्तकाच्या आठव्या अध्यायात येशू वाद घालणाऱ्या यहुद्यांना म्हणतो की तुमचा बाप सैतान आहे. हे लिहिणारा समाज स्वतः यहुदी मुळांचा होता आणि त्याची सभास्थानाशी फारकत होत होती. घरातल्या भांडणातले ते वाक्य पुढे सत्ताधारी धर्माच्या हाती पडले. प्रकटीकरणाच्या १२व्या अध्यायात अजगर, ‘पुरातन साप’, दियाबल आणि सैतान हे सगळे एकच असल्याचे जाहीर होते. बागेतल्या सापाला त्याचे नाव इतक्या उशिरा मिळाले.

बाकीचे चरित्र चर्चच्या आचार्यांनी जुळवले. यशयाच्या १४व्या अध्यायात बाबिलोनच्या गर्विष्ठ राजाला पहाटेचा तारा म्हणून टोमणा मारला आहे: आकाशातून कसा रे पडलास! तिसऱ्या शतकात ऑरिजेनने हा राजा म्हणजे पडलेला देवदूत असे वाचले. लॅटिन भाषांतरात पहाटेच्या ताऱ्याला लुसिफर म्हटले आहे, म्हणून सैतानाला ते नाव चिकटले. चौथ्या शतकात मात्र सार्डिनियामध्ये लुसिफर नावाचे एक बिशप होऊन गेले, आणि त्यांच्या नावात कोणाला काही वावगे दिसले नाही. ऑरिजेनच्या विचारात शेवटी सारी सृष्टी देवाकडे परतण्याची आशा होती. सैतानालाही त्यात जागा आहे का, यावर मोठे वाद झाले आणि सहाव्या शतकात ही शिकवण धिक्कारली गेली.

त्याच चौथ्या शतकात यरुशलेममध्ये बाप्तिस्म्याला आलेली माणसे आधी बाहेरच्या दालनात पश्चिमेकडे तोंड करून उभी राहत. पश्चिम म्हणजे अंधाराची दिशा. हात पुढे करून, जणू तो समोर उभा आहे अशा रीतीने, ती सैतानाला त्याच्या तोंडावर नाकारत आणि मग पूर्वेकडे वळत. यरुशलेमचा बिशप सिरिल याच्या नावाने असलेल्या प्रवचनांत हे वर्णन आहे. सैतान या लोकांसाठी पुस्तकातला मुद्दा नव्हता, तो आजवरचा धनी होता.

चर्चचा आचार्य ऑगस्टीन याने तारुण्यातली नऊ वर्षे मानीच्या पंथात काढली होती. त्या पंथात प्रकाश आणि अंधार ही दोन स्वतंत्र, अनादी तत्त्वे होती. ते सोडून आल्यावर त्याने ठामपणे मांडले की वाइटाला स्वतःचे अस्तित्व नाही, ते चांगल्याचा अभाव आहे. सैतानही चांगलाच निर्माण झाला आणि गर्वाने बिघडला. रोममध्ये भरलेल्या चर्चच्या १२१५च्या चौथ्या लॅटरन परिषदेने हेच अधिकृत केले, कारण दक्षिण फ्रान्समधले कॅथार पंथाचे लोक दोन तत्त्वे मानत होते. पण त्याच परिषदेने यहुद्यांनी वेगळा ओळखू येईल असा पोशाख घालावा असाही नियम केला. एका ठरावात सैतानाला देवापुढे लहान केले आणि दुसऱ्यात शेजाऱ्याला वेगळे काढले. ‘तुमचा बाप सैतान’ हे वाक्य ज्यांच्यावर रोखले गेले ते हेच लोक होते, हे विसरून तो ठराव वाचता येत नाही.

यहुदी परंपरा या काळात वेगळ्या वाटेने गेली. तिने सैतानाला पुन्हा दरबारात आणि माणसाच्या मनात आणून बसवले. तालमूद या रब्बींच्या चर्चांच्या ग्रंथात रेश लाकीश म्हणतो की सैतान, माणसाची दुष्ट प्रवृत्ती आणि मृत्यूचा दूत हे एकच. तिथेच रब्बी लेवी सांगतो की सैतानाने ईयोबाला छळले ते स्वर्गाच्या हितासाठी, देवाने ईयोबाच्या प्रेमापोटी अब्राहामाला विसरू नये म्हणून. राव अहा बार याकोवने पपुनिया गावात हे शिकवले तेव्हा म्हणे सैतान स्वतः आला आणि त्याने त्याच्या पायांचे चुंबन घेतले! दुसऱ्या एका ठिकाणी त्याच्या हिब्रू नावातल्या अक्षरांची बेरीज मांडली आहे, ३६४. वर्षातले तेवढे दिवस त्याचा अधिकार चालतो. उरलेल्या एका दिवशी, योम किप्पूर या प्रायश्चित्ताच्या दिवशी, त्याला तोंड उघडता येत नाही. आपल्या कोकणातले बेने इस्राएल हाच दिवस दरफाळणीचा सण म्हणून पाळत आले. पुढे १३व्या शतकातल्या स्पेनमध्ये जोहार या ग्रंथाच्या गूढवाद्यांनी समाएल आणि लिलिथ हे दुष्ट आत्मे आणि ‘पलीकडची बाजू’ यांचे दाट विश्व उभे केले खरे, पण यहुदी धर्मात सैतानावरचा विश्वास मुक्तीची अट कधीच झाला नाही.

युरोपात मात्र त्याचे रूप भयंकर होत गेले. इटलीतल्या रावेन्नाच्या सहाव्या शतकातल्या एका मोझेकमध्ये ख्रिस्त मेंढरे आणि शेरडे वेगळी करतो आहे, आणि शेरडांच्या बाजूला एक निळा देवदूत उभा आहे. काही जण त्याला सैतानाचे सर्वांत जुने चित्र मानतात, आणि तो देखणा आहे. मध्ययुगाच्या मध्यावर शिंगे, खूर आणि केसाळ अंग आले. १५व्या ते १८व्या शतकांत सैतानाशी करार केल्याच्या आरोपाखाली, इतिहासकारांच्या अंदाजानुसार, ४० ते ६० हजार माणसांना मारले गेले, बहुतेक स्त्रिया. पूर्वी दरबारात फिर्याद सैतान मांडायचा. आता माणसे एकमेकांवर त्याच्या नावाने फिर्याद करत होती. १६९१मध्ये आम्स्टरडॅमचे धर्मगुरू बाल्थाझार बेकर यांनी सैतानाच्या या साऱ्या सत्तेवरच प्रश्न उभा केला. त्यांना पद गमवावे लागले.

गोव्यात हे सारे पोर्तुगीजांबरोबर आले. फादर थॉमस स्टीफन्स यांचे मराठी ‘क्रिस्तपुराण’ १६१६मध्ये रायतूरला छापले गेले. मिशनऱ्यांनी तिथे सैतानाला देवचार हे नाव दिले. गोव्याच्या हिंदू गावांत देवचार हा गावाचा राखणदार. रात्री हातात काठी घेऊन शिवेवर फिरणारा, वाट चुकलेल्याला घरी पोचवणारा. त्याला आजही रोट ठेवतात. त्याच गावातल्या ख्रिस्ती घरात तेच नाव सैतानाचे.

१९७२मध्ये पोप सहावे पॉल यांनी सैतान ही केवळ कल्पना नाही असे जाहीर प्रवचनात सांगितले. त्याच वर्षी त्यांनी भूत काढणाऱ्याची जुनी धर्मदीक्षा रद्दही केली. वसईपासून रोमपर्यंत कॅथलिक बाप्तिस्म्यात सैतानाला नाकारतोस का हा प्रश्न आजही विचारला जातो. आणि यहुदी माणूस संध्याकाळच्या प्रार्थनेत देवाला विनवतो की आमच्या पुढचा आणि आमच्या मागचा सैतान दूर कर.