हँडब्रेकची केबल बदलणे

उभी केलेली मोटारगाडी जागची हलू नये यासाठी लावल्या जाणाऱ्या यांत्रिक ब्रेकला हँडब्रेक किंवा पार्किंग ब्रेक म्हणतात. जुन्या गाड्यांमध्ये चालकाच्या हाताशी असलेला दांडा आणि चाकांमधील ब्रेक यांना पोलादी तारेची केबल जोडते. ही केबल गंजली, अडकू लागली, तिचे पेड तुटू लागले किंवा दांडा पूर्ण ओढूनही चाके धरेनाशी झाली, की जुनी केबल काढून नवी बसवणे आणि त्यानंतर संपूर्ण यंत्रणा नव्याने जुळवणे असे या दुरुस्तीचे स्वरूप असते. या कामाला महागडी अवजारे लागत नाहीत, मात्र जुळवणीला एक क्रम आहे आणि तो चाकापासून सुरू होऊन दांड्यापाशी संपतो. जुन्या गाड्यांच्या हँडब्रेकच्या पुष्कळ तक्रारींचे मूळ हा क्रम उलटा करण्यात, म्हणजे दांड्याजवळचा नट आधी आवळण्यात असते.

पायाने दाबायच्या ब्रेकमध्ये जोर द्रवाच्या दाबाने चाकापर्यंत पोहोचतो. हा दाब तासन्‌तास, रात्रभर टिकून राहील याची खात्री देता येत नाही. म्हणून उभ्या गाडीसाठी ताणलेली तार आणि दांड्याच्या दात्यांत अडकलेली खिटी ही निव्वळ यांत्रिक जोडणी स्वतंत्र ठेवलेली असते. संयुक्त राष्ट्रांच्या वाहनविषयक नियमावलीतील १३-एच क्रमांकाच्या नियमानुसार प्रवासी मोटारीचा पार्किंग ब्रेक पूर्ण भरलेली गाडी २० टक्के चढावर तसेच उतारावर रोखून धरू शकला पाहिजे, आणि त्यासाठी हाताने लावावा लागणारा जोर ४०० न्यूटनपेक्षा अधिक असता कामा नये. २० टक्के उतार म्हणजे सुमारे ११.३ अंशांचा कोन. एकूण १,२०० किलोग्रॅम वस्तुमानाची गाडी अशा उतारावर सुमारे २,३०० न्यूटन इतक्या जोराने खाली सरकू पाहते, आणि तो सगळा जोर अखेर काही मिलिमीटर जाडीच्या तारेच्या भरवशावर थोपवलेला असतो.

रचना : हँडब्रेकची केबल ही बाउडन पद्धतीची केबल होय. अर्नेस्ट मॉनिंग्टन बाउडन यांनी अशा केबलचे पेटंट १८९६ मध्ये घेतले. तिच्यात बारीक पोलादी तारांचे पेड वळून केलेली आतली तार असते आणि तिच्याभोवती मळसूत्री वळवलेल्या पोलादी तारेचे आवरण असते. आवरणाच्या आत घर्षण कमी करणारे प्लॅस्टिकचे अस्तर आणि बाहेरून पाणी रोखणारा प्लॅस्टिकचा थर असतो. आतली तार जितक्या जोराने ओढली जाते, तितकाच दाब बाहेरच्या आवरणाला उलट दिशेने सोसावा लागतो. आवरण कुठे चेपले, वाकले किंवा आपल्या टोकाच्या बैठकीतून निसटले, तर तार शाबूत असूनही तिची ओढ वाया जाते. केबल तपासताना सारे लक्ष तारेकडे आणि आवरणाकडे दुर्लक्ष, असे अनेकदा घडते, ते याच कारणाने चुकीचे आहे.

दांड्यापासून निघणारी ओढ एका छोट्या समतोलपट्टीवर येते आणि तिच्या दोन टोकांपासून दोन केबली डाव्या व उजव्या चाकाकडे जातात. पट्टी मध्यभागी मोकळी फिरत असल्यामुळे दोन्ही बाजूंना सारखी ओढ मिळते. ड्रम ब्रेकमध्ये चाकाबरोबर फिरणाऱ्या पोकळ ड्रमच्या आत शू म्हणजे दोन कमानदार पट्ट्या असतात. केबल एका तरफेला ओढते आणि ती तरफ मधल्या पट्टीच्या मदतीने दोन्ही शू ड्रमवर दाबते. मागे डिस्क ब्रेक, म्हणजे चाकाबरोबर फिरणाऱ्या तबकडीचा ब्रेक असल्यास केबल एकतर कॅलिपरवरील (डिस्कला पॅडने चिमटणाऱ्या भागावरील) तरफ फिरवून पिस्टन पुढे ढकलते, किंवा डिस्कच्या मधल्या खोलगट भागात बसवलेले स्वतंत्र छोटे शू उघडते.

सगळ्याच गाड्यांचा हँडब्रेक मागच्या चाकांवर नसतो. साब ९९, सिट्रोएन २सीव्ही आणि सुबारू लिओने या गाड्यांमध्ये तो पुढच्या चाकांवर आहे. लँड रोव्हरच्या जुन्या गाड्यांत तो चाकांवर नसून गिअरबॉक्समागील शाफ्टवर असतो. अशा गाडीचे एकच मागचे चाक उचलले तर डिफरन्शियलमुळे, म्हणजे दोन चाकांना वेगवेगळ्या वेगाने फिरू देणाऱ्या गिअरजोडणीमुळे, ते उलट फिरू शकते आणि हँडब्रेक लावलेला असूनही गाडी सरकते. आपल्या गाडीत ब्रेक नेमका कुठे लागतो, हे जॅक हातात घेण्यापूर्वी माहीत असायला हवे.

झीज : केबलचा पहिला शत्रू पाणी. चाकांनी उडवलेला चिखल आणि खडे यांमुळे बाहेरच्या थराला चीर पडते किंवा टोकाचा रबरी बूच फाटतो. तेथून शिरलेले पाणी केबलच्या सर्वांत खालच्या वळणात साचून राहते आणि गंज तिथेच धरतो. गंज फुगतो, अस्तर दाबले जाते आणि तार आत घासू लागते. थंड प्रदेशात हेच पाणी गोठून तार जागच्या जागी अडकते. दुसरे कमकुवत ठिकाण म्हणजे तारेची टोके आणि मागच्या सस्पेन्शनजवळचे वळण. चाक वर-खाली होताना केबल तिथे सतत वाकते आणि एकेक बारीक तार तुटत जाते. तुटलेली टोके बाहेर आलेली दिसली, तर उरलेली तार अजून धरून आहे हा दिलासा घेऊ नये. कमी झालेल्या तारांवर प्रत्येक ओढीत अधिक ताण येत असल्याने पुढची तूट लवकर होते.

अडकलेली केबल दोन प्रकारे त्रास देते. ती ओढलीच जात नसेल तर दांडा जड होतो आणि चाक धरत नाही. ओढली जाऊन परत येत नसेल, तर दांडा खाली असूनही ब्रेक थोडा लागलेला राहतो. हा दुसरा प्रकार अधिक घातक आहे, कारण तो चालकाच्या लवकर ध्यानात येत नाही. शू ड्रमला घासत राहतात, ड्रम तापतो, शूवरील घर्षणाचा थर म्हणजे लायनिंग चकचकीत होऊन त्याची पकड जाते आणि चाकाच्या बेअरिंगमधील ग्रीसही पातळ होऊ लागते. काही अंतर गाडी चालवल्यावर एकच मागचे चाक जळका वास देत असेल किंवा त्याच्या रिमजवळ हात नेताच जास्त धग जाणवत असेल, तर त्या बाजूची केबल तपासावी.

निदान : दोष केबलचाच आहे हे ठरवण्यासाठी तिला चाकाकडच्या टोकापाशी सोडवून दोन्ही भाग वेगवेगळे हलवून पाहावेत. चांगल्या केबलची तार हाताने ओढल्यावर अडखळ न होता सरकते. तार सरळ सरकते पण ब्रेकची तरफ घट्ट बसलेली आहे, असे आढळले तर दोष ड्रममधील तरफेच्या खिळ्यात किंवा कॅलिपरमध्ये आहे आणि नवी केबल घालून काही साधणार नाही. दांडा पूर्वीपेक्षा उंच येतो एवढ्यावरून केबल लांबली असा निष्कर्ष काढला जातो. प्रत्यक्षात पोलादी तार फार थोडी लांबते, दांड्याची वाढलेली चाल बहुधा झिजलेल्या शूंची, किंवा शू झिजतील तसे त्यांना ड्रमजवळ आणणारी आपोआप-जुळवणी काम करत नसल्याची खूण असते.

नवी केबल : एकाच मॉडेलमध्ये ड्रम आणि डिस्क, दोन आणि चार दरवाजे, अलीकडचे आणि पलीकडचे उत्पादनवर्ष यांनुसार केबली बदलतात, आणि डावी-उजवीची लांबीही अनेकदा निराळी असते. त्यामुळे जुनी केबल काढल्यावर ती नव्या केबलीशेजारी जमिनीवर सरळ ठेवून पाहावी. एकूण लांबीपेक्षा महत्त्वाचे माप म्हणजे आवरणाच्या बाहेर उरणारी तारेची लांबी. ती काही सेंटिमीटरने जास्त असली तर नटाचे सगळे आटे संपले तरी ब्रेक लागणार नाही, आणि कमी असली तर दांडा खाली असतानाही शू पूर्ण मागे येणार नाहीत. एका बाजूची केबल गंजून गेली असेल तर दुसरीचेही वय तेच असते. दोन्ही एकदम बदलणे श्रेयस्कर, कारण एक सुळसुळीत आणि एक खरखरीत अशा जोडीत समतोलपट्टी कितीही मोकळी असली तरी चाकांवरची पकड सारखी राहत नाही.

काढणे : या कामात हँडब्रेक सोडूनच ठेवावा लागतो, म्हणून गाडी सपाट आणि टणक जमिनीवर उभी करून जी चाके खाली राहणार आहेत त्यांना पुढून आणि मागून लाकडी ठोकळे लावावेत. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली कधीही शिरू नये, जॅक पॉइंटजवळ भक्कम स्टँड लावून गाडी त्यांवर टेकवावी आणि हाताने हलवून खात्री करावी. जुन्या ब्रेक लायनिंगमध्ये ॲस्बेस्टॉस असू शकतो. त्यामुळे ड्रममधील धूळ तोंडाने किंवा हवेच्या नळीने उडवू नये, ब्रेक क्लीनरने ओली करून फडक्याने टिपावी आणि ते फडके पिशवीत बंद करावे.

प्रथम दांड्याजवळचा किंवा गाडीखालचा जुळवणीचा नट पूर्ण सैल करावा. तो गंजलेला असल्यास गंज सोडवणारे तेल आदल्या दिवशी लावून ठेवावे. नट फिरवताना आट्यांचे टोक पक्कड किंवा दुसऱ्या पान्याने धरणे आवश्यक आहे, नाहीतर नटाबरोबर तारही पिळली जाते. फोक्सवॅगन बीटलमध्ये या टोकाला स्क्रू ड्रायव्हर अडकवण्याची खाचच दिलेली आहे. त्यानंतर समतोलपट्टीतून तार मोकळी करून, ड्रम उतरवून, शूवरील तरफेच्या आकड्यातून तिचे दुसरे टोक सोडवावे. एका बाजूचे शू उघडताना दुसऱ्या बाजूचा ड्रम बंद ठेवला तर स्प्रिंगा आणि पट्ट्या कशा बसल्या होत्या हे पाहायला नमुना उरतो.

आवरणाचे टोक ब्रेकच्या मागच्या थाळीत स्प्रिंगसारख्या तीन-चार पाकळ्यांनी अडकलेले असते आणि खरी अडचण तिथेच येते. पाकळ्या एकेक करून स्क्रू ड्रायव्हरने दाबायला गेले की एक दाबेपर्यंत दुसरी उघडते. बंद तोंडाचा नेमक्या मापाचा रिंग पाना त्या पाकळ्यांवरून सरकवला तर सगळ्या एकदम मिटतात आणि टोक थाळीतून मागे ओढता येते. जुनी केबल ओढून काढण्यापूर्वी तिचा मार्ग, प्रत्येक क्लिप आणि प्रत्येक वळण यांचे छायाचित्र घेऊन ठेवावे.

बसवणे : नवी केबल त्याच मार्गाने, त्याच क्लिपांमधून न्यावी. ती सायलेन्सरच्या पाइपापासून दूर राहील, इंधनाच्या किंवा ब्रेकच्या नळीला घासणार नाही आणि तिला कुठेही तीव्र बाक येणार नाही हे पाहावे. सुटलेली एक क्लिप पुरते. तेवढ्या भागात केबल लोंबते आणि चाक वर गेले की टायरला घासू लागते. अस्तर असलेल्या केबलमध्ये उत्पादकाने सांगितल्याशिवाय ग्रीस भरू नये, कारण काही ग्रीसमुळे अस्तर फुगते. समतोलपट्टीचा खिळा, तरफेचे सांधे आणि नटाचे आटे यांना मात्र ते थोडेसे लावावे. शूच्या लायनिंगला ग्रीसचा हातही लागता कामा नये.

जुळवणी : केबल जोडली तरी नट अजून सैलच ठेवावा. आधी शू ड्रमला हलकेच टेकेपर्यंत जुळवून घ्यावेत आणि पायाचा ब्रेक अनेकदा दाबून त्यांना मध्यावर बसू द्यावे. कॅलिपर प्रकारात पिस्टन पॅडला टेकेपर्यंत पायाच्याच ब्रेकने पुढे आणावा. मगच नट थोडा-थोडा आवळावा. असे का, याचे उत्तर ड्रमच्या आत सापडते. हँडब्रेक सुटलेला असताना तरफेचा छोटा ठेपा शूच्या कडेला टेकलेला असला पाहिजे. केबल जास्त ताणली की तो ठेपा कडेपासून सुटतो, मधली पट्टी आपल्या विश्रांतीच्या जागी येत नाही आणि पुष्कळ रचनांमध्ये आपोआप-जुळवणीचे दाते पुढे सरकायचे थांबतात. शू झिजत राहतात, पायाच्या ब्रेकची चाल वाढते आणि ती लपवण्यासाठी केबल पुन्हा आवळली जाते. दांडा मात्र या सगळ्या काळात छान घट्ट लागतो, त्यामुळे आतला दोष झाकला जातो.

नट आवळून झाल्यावर दांडा जोराने काही वेळा ओढावा म्हणजे आवरणाची टोके आपापल्या बैठकीत बसतात, आणि मग जुळवणी पुन्हा तपासावी. किती दात्यांवर ब्रेक पूर्ण लागावा हे गाडीच्या कार्यपुस्तिकेत दिलेले असते आणि तोच आकडा पाळावा. मागचे सस्पेन्शन लोंबत असताना आणि चाके जमिनीवर असताना केबलचा ताण काही गाड्यांत वेगळा येतो, म्हणून जुळवणी कोणत्या स्थितीत करायची तेही तिथेच पाहावे. शेवटी जुळवणीचा नट सैल होऊ न देणारा चेकनट आवळावा.

चाचणी : चाके अजून अधांतरी असताना दांडा एकेक दाता वर घेत दोन्ही चाके हाताने फिरवून पाहावीत. ती साधारण एकाच दात्यावर जड व्हायला हवीत आणि दांडा खाली करताच दोन्ही मोकळी फिरायला हवीत. त्यानंतर चाकांचे नट दिलेल्या टॉर्कला (पिळाच्या जोराला) आवळून, आधी सपाट जागी पायाच्या ब्रेकची खात्री करून, मोकळ्या चढावर गाडी एकदा तोंड वर आणि एकदा तोंड खाली करून उभी करावी. दोन्ही दिशांना पाहणे आवश्यक आहे, कारण काही ड्रम रचना एका दिशेला अधिक घट्ट धरतात. थोड्या प्रवासानंतर दोन्ही चाकांची धग तपासावी. ती ठळकपणे वेगळी असल्यास तापलेल्या बाजूचा ठेपा कडेला टेकतो की नाही, हे पुन्हा उघडून पाहावे लागते.

नवी केबल पहिल्या काही आठवड्यांत बैठकीत आणखी थोडी बसते आणि दांडा एखादा दाता वर येतो. तेवढी एक जुळवणी अपेक्षित आहे. त्यानंतर चाल वाढली तर नटाकडे न जाता शूंची जाडी मोजावी. गाडी दीर्घकाळ न वापरता ठेवायची असल्यास हँडब्रेक लावून ठेवू नये, कारण दमट हवेत शू ड्रमला चिकटतात आणि केबल ताणलेल्या स्थितीतच अडकून बसते. त्याऐवजी गाडी गिअरमध्ये ठेवून चाकांना दोन्ही बाजूंनी ठोकळे लावावेत, आणि अधूनमधून दांडा वर-खाली करून तार आवरणात मोकळी ठेवावी.