शाळाप्रवेशाचे कायदेशीर वाद आणि बालहित (सोलापूर)

मुलाला शाळेत प्रवेश देणे, नाकारणे, दिलेला प्रवेश रद्द करणे किंवा त्याची शाळा बदलणे यांवरून होणारे वाद. सोलापुरात ते मुख्यतः दोन प्रकारचे दिसतात: पालक विरुद्ध शाळा वा शिक्षण विभाग, आणि आई विरुद्ध वडील. पहिल्यांना बालकांचा मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा हक्क अधिनियम, २००९ लागू होतो. दुसऱ्यांना पालक व पाल्य अधिनियम, १८९० आणि हिंदू कुटुंबांत १९५६ चा अज्ञानत्व व पालकत्व कायदा लागू होतो. १९५६ च्या कायद्याचे कलम १३ मुलाचे हित सर्वोपरी मानते. २००९ चा कायदा मात्र हक्क, मुदत आणि दंड यांवर चालतो, म्हणून एकीकडचा युक्तिवाद दुसरीकडे जसाच्या तसा उपयोगी पडत नाही.

सर्वाधिक तक्रारी २००९ च्या कायद्याने खासगी शाळांत दुर्बल व वंचित गटांतील मुलांसाठी ठेवलेल्या पंचवीस टक्के राखीव जागांच्या असतात. सोडतीत नाव लागले म्हणजे प्रवेश झाला, असा समज असतो. अर्ज बाद होतो तो पुढे पडताळणी समितीसमोर. ऑनलाइन अर्जातील नकाशावर घराची जागा दाखवणारा फुगा चुकीच्या जागी ठेवलेला असतो, एकाच मुलाचे दोन अर्ज भरलेले असतात, किंवा भाडेकरार नोंदणीकृत नसतो. यंत्रमाग आणि विडी कामगारांच्या वस्त्यांत घरमालक करार नोंदवायला तयार नसतो, वीजबिलही त्याच्याच नावावर असते. आर्थिक दुर्बल गटासाठी एक लाखाच्या आतील उत्पन्नाचा दाखला लागतो. वंचित गटातील जातींना उत्पन्नाची अट नाही, पण परराज्यातील जातीचा दाखला चालत नाही. कर्नाटक-तेलंगणातून आलेली बरीच कुटुंबे इथेच अडकतात. घटस्फोटाचा दावा चालू असलेल्या आईने तो न्यायप्रविष्ट असल्याचा पुरावा आणि स्वतःच्या पत्त्याची कागदपत्रे जोडावीत. वडिलांचे कागद मिळेपर्यंत थांबू नये.

जवळची शाळा राखीव जागांच्या यादीत दिसतच नाही, त्यामागे अनेकदा अल्पसंख्याक दर्जा असतो. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये अल्पसंख्याक शाळांना, अनुदानित असोत वा नसोत, २००९ चा कायदा लागू होत नाही असे ठरवले. तेलुगु, कन्नड व उर्दू भाषकांच्या संस्था असलेल्या शहरात याचा परिणाम लहान नाही. सरकारी किंवा अनुदानित शाळेपासून एक किलोमीटरच्या आतील खासगी शाळांना राखीव जागांतून सूट देणारी ९ फेब्रुवारी २०२४ ची अधिसूचना मात्र मुंबई उच्च न्यायालयाने त्याच वर्षी १९ जुलैला रद्द केली.

प्रवेशासाठी मुलाची वा पालकांची चाचणी घेतल्यास पहिल्या वेळी २५,००० रुपयांपर्यंत आणि पुढे प्रत्येक वेळी ५०,००० रुपयांपर्यंत दंड होतो. जन्मदाखला नाही म्हणून प्रवेश नाकारता येत नाही.

शाळा सोडल्याच्या दाखल्याचे भांडण वेगळे. २००९ च्या कायद्याच्या कलम ५ नुसार मुख्याध्यापकाने तो लगेच द्यायचा असतो आणि तो उशिरा आला म्हणून नवी शाळा प्रवेश लांबवू शकत नाही. पण शाळा बदलण्याचा हा हक्क सरकारी व अनुदानित शाळांपुरता आहे, खासगी विनाअनुदानित शाळेवर तो सांगता येत नाही. शिवाय कायदा आठवीपर्यंतचा. थकीत फीपोटी दाखला अडकवण्याचे वाद नववीत अधिक बिकट होतात ते त्यामुळेच. ऊसतोडीला गाव सोडून जाणाऱ्यांच्या मुलांचे शिक्षण नव्या ठिकाणच्या शाळेत चालू राहावे म्हणून शिक्षण हमी पत्रक असते. गाव सोडण्याआधीच ते मागून घ्यावे.

तक्रार लेखी द्यावी आणि पोचपावती घ्यावी: शहरात महापालिकेच्या शिक्षण विभागाकडे, ग्रामीण भागात जिल्हा परिषदेच्या शिक्षणाधिकाऱ्यांकडे. याच कायद्याचे कलम ३२ निर्णयाला तीन महिने देते, त्यानंतर राज्य बाल हक्क आयोगाकडे अपील. जूनमध्ये शाळा उघडते आणि निकाल सप्टेंबरात येतो, ही या तरतुदीची मोठी उणीव आहे. तातडीच्या प्रकरणात उच्च न्यायालयात रिट याचिका हाच खरा मार्ग उरतो. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) बसत असल्याने सोलापूरकरांची मुंबईची फेरी वाचते.

आई-वडिलांच्या वादात शाळा हे अनेकदा हत्यार बनते. मुलाच्या ताब्याचा अर्ज मूल जिथे सामान्यतः राहते तिथल्या न्यायालयात चालतो (१८९० चा कायदा, कलम ९). म्हणून वडील पुण्यात आणि आई माहेरी सोलापुरात असली, की दोघेही घाईने आपापल्या शहरात प्रवेश घेऊन बोनाफाईड पुढे करतात. महिन्याभरापूर्वीच्या अशा दाखल्याला फारसे वजन मिळू नये. मूल आधी कुठे, किती काळ आणि कोणाकडे राहिले हे तपासले जाते. पाच वर्षांखालील मूल सहसा आईकडे राहावे असे १९५६ चा कायदा म्हणतो. समजत्या वयाच्या मुलाचे म्हणणे न्यायाधीश ऐकू शकतात, पण ते एकट्याने निर्णायक ठरत नाही. दोघांपैकी कोणाचा अर्ज मानायचा हा पेच शाळेपुढे येतो. शाळेने न्यायालयाच्या आदेशाची प्रत मागावी आणि तोवर मुलाचे वर्ग थांबवू नयेत.

अंतिम निकालाला वेळ लागतो, त्यामुळे एप्रिलमध्येच अंतरिम अर्ज केलेला बरा. ‘ताबा द्यावा’ एवढीच मागणी त्यात अपुरी पडते. शाळा कोणती, फी कोण भरणार, प्रगतिपुस्तकावर सही कोणाची, मुलाला शाळेतून कोण नेणार आणि दिवाळी-मेच्या सुट्ट्या कशा वाटायच्या, हे अर्जात स्वतंत्रपणे मागावे लागते. महिला व बालकांना वकील परवडत नसेल, तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून तो मोफत मिळतो.