खरवड ऐकू आली की आधी पाय ओळखा

भिंतीआड काहीतरी खरवडतंय. मध्येच शांतता, मग पुन्हा खरखर, आणि धप्पकन काहीतरी खाली आपटतं. घरात फायरप्लेस असेल, तर हा आवाज धुराड्यातून येत असू शकतो. खाली जाळ करावा, धुराने जनावर आपोआप वर पळेल, असं पहिल्यांदा वाटतं. हे कृपा करून करू नका. ज्याला वर चढता येत नाही तेच आत अडकतं. धुराने ते गुदमरतं आणि थेट जाळात कोसळतं. पिल्लं असतील तर त्यांना हलताही येत नाही. शिवाय घरट्यामुळे वाट बुजलेली असेल, तर तो विषारी धूर उलटा तुमच्याच खोलीत शिरतो.

त्याऐवजी आत कोण आहे आणि त्याचे पाय कसे आहेत, एवढंच आधी ओळखा. सुटकेचा मार्ग त्यावरून ठरतो.

दिवसा खरवड ऐकू येत असेल, तर बहुधा ती खार. खार झाडावर चढते ती नख्या सालीत रुतवून. मागचा घोटा ती पार उलटा फिरवू शकते, म्हणून डोकं खाली करून उतरतानाही मागच्या नख्या सालीत अडकून तिचं वजन पेलतात. पण या कसबाला खाच लागते. बऱ्याच धुराड्यांना आतून भाजलेल्या मातीच्या नळीचं किंवा स्टीलचं अस्तर असतं आणि त्यावर नखी नुसती घसरते. आपण ऐकतो ती खरवड म्हणजे तिचं हेच चालू असतं, अन्नपाण्याविना: वीतभर चढायचं, घसरायचं, पुन्हा चढायचं.

तिला हवी असते फक्त धरायला एक खडबडीत वस्तू. पाऊण इंच किंवा त्याहून जाड दोर घ्या. वरचं टोक आधी पक्कं बांधा आणि मगच दुसरं टोक तळापर्यंत सोडा. हे दिवसाउजेडी करा आणि तिथून दूर व्हा. माणूस डोकावत राहिला तर ती येणार नाही. छप्पर उतरतं असेल तर स्वतः चढू नका, जाणकार माणसाला बोलवा. दिवसभरात ती बाहेर आली नाही, तरीही त्यालाच गाठा.

रात्री जड हालचाल आणि किरकिर ऐकू आली, तर उत्तर अमेरिकेत तो बहुधा रॅकून, म्हणजे मांजराहून थोराड असा एक निशाचर प्राणी असतो, आणि तो सहसा अडकलेला नसतोच. दोन्ही भिंतींना अंग रेटत तो आरामात चढतो-उतरतो. अरुंद कपारीतून गिर्यारोहक चढतात ना, तसंच. वसंतात मादी इथे पिल्लं घालते, कारण तिच्या लेखी धुराडं म्हणजे पोकळ झाडच. थोडे आठवडे थांबता आलं तर सर्वांत उत्तम. पिल्लं चालती झाली की ती त्यांना घेऊन निघून जाते. घाई असेल तर संध्याकाळी डँपर, म्हणजे धुराड्याची झडप, बंद ठेवून फायरप्लेसमध्ये दिवा आणि बोलका रेडिओ लावा. त्रासलेली आई एकेक पिल्लू मानेला धरून दुसऱ्या ढोलीत नेते. हात मात्र लावू नका, रॅकूनमुळे रेबीज होऊ शकतो.

तिसरा आवाज पंखांच्या घरघरीचा, लांबच्या गडगडाटासारखा. ही चिमनी स्विफ्ट, एक पाकोळी. तिचे पाय इतके आखूड की फांदीवर बसताच येत नाही. ती उभ्या भिंतीला नख्यांनी लटकते आणि शेपटीच्या पिसांची काट्यासारखी टोकं भिंतीला टेकवते. उडता उडता तोडलेल्या काटक्या लाळेने चिकटवून ती अर्ध्या बशीसारखं घरटं बांधते. जुनी पोकळ झाडं तुटत गेली, तशी ती विटांच्या धुराड्यांकडे वळली. आता धुराडीही बंद होऊ लागलीत आणि २०१८ पासून तिची नोंद ‘असुरक्षित’ प्रजातींत आहे. अमेरिकेत १९१८ च्या स्थलांतरित पक्षी कायद्याने तिच्या नांदत्या घरट्याला संरक्षण आहे. इथे करायचं काहीच नाही, फक्त डँपर बंद ठेवायचा. अंड्यातून बाहेर आल्यावर महिन्याभरात पिल्लं उडून जातात. मला तरी हा महिना जड वाटणार नाही.

एखादा प्राणी झडपेखाली फायरप्लेसमध्येच उतरला असेल, तर खोलीची आतली दारं लावा, पडदे ओढून अंधार करा आणि बाहेरची एकच खिडकी किंवा दार सताड उघडं ठेवा. पक्षी उजेडाकडे जातो. खारीसाठी खिडकीतून खाली एखादी चादर सोडा. पाठलाग नको.

पिंजऱ्यात पकडून दूर जंगलात सोडणं दयाळूपणाचं वाटतं, पण नव्या जागी त्या प्राण्याला ना ढोली माहीत असते ना अन्न, आणि मागे राहिलेली पिल्लं उपाशी मरतात.

धुराडं रिकामं झालं की तोंडावर जाळीची टोपी बसवून घ्या. त्याआधी सकाळ-संध्याकाळ फायरप्लेसपाशी कान देऊन बसा. भुकेलं पिल्लू आईची चाहूल लागेपर्यंत बराच वेळ गप्प राहू शकतं.