माथा गवळ्याचा, खोरं कुणब्याचं

बेळगावातून जांबोटीमार्गे चोर्ला घाटाकडे निघालं, की पन्नास-पंचावन्न किलोमीटरच्या वाटेत पाऊस तिपटीवर जातो. शहरात वर्षाला साधारण तेराशे मिलिमीटर पडतो. कणकुंबी-आमगावच्या पट्ट्यात चार हजारांच्याही वर. याच पट्ट्यात दोन नद्या एकमेकींकडे पाठ करतात. कणकुंबीची मलप्रभा पूर्वेला वळून कृष्णेला मिळते, तर देगावजवळ उगवलेली म्हादई पश्चिमेला गोव्यात उतरून मांडवी या नावाने समुद्र गाठते. जरा दक्षिणेला जोयडा तालुक्यात डिग्गीजवळ काळी नदी उगम पावते, ती कारवारला खाडीत उतरते. म्हणजे खानापूर-जोयड्याचा हा घाटमाथा नकाशात डोंगराळ दिसत असला, तरी त्याचं बरंचसं पाणी कोकण किनाऱ्याचंच आहे.

सीमाभाग म्हटलं की आपल्याला १९५६ आठवतं. त्या वर्षी १ नोव्हेंबरला बेळगाव आणि कारवार जिल्हे मुंबई राज्यातून निघून म्हैसूर राज्यात गेले आणि आपल्या तीन पिढ्यांचं बोलणं त्या रेषेभोवती फिरत राहिलं. पण या जंगलात राहणाऱ्या माणसांचे मुलूख त्याच्या कितीतरी आधी ठरलेले होते. ते ठरवले होते पावसाने, उंचीने आणि जनावरांच्या खुरांनी. गवळी धनगर, कुणबी, सिद्दी आणि खाली किनाऱ्यावरचे हालक्की या लोकांविषयी आपण सीमाभागातली मराठी माणसं फार कमी बोलतो. यातले गवळी धनगर तर घरात मराठीच बोलतात.

धनगर म्हटलं की आपल्यापुढे मेंढ्यांचा कळप उभा राहतो. घाटमाथ्यावर मात्र मेंढी टिकत नाही. चार महिने चिखलात उभं राहिलं की तिचे खूर कुजतात, ओल्या लोकरीखाली कातडीचे रोग होतात, पोटात जंत वाढतात. म्हणून मेंढपाळ धनगर कमी पावसाच्या देशावर राहिले आणि घाटमाथ्यावरच्या धनगरांनी म्हैस धरली. म्हशीला पाऊस मानवतो. तिच्या कातडीत घामाच्या ग्रंथी गाईपेक्षा कमी असतात, रंग काळा, त्यामुळे उन्हात ती लवकर तापते आणि अंगातली उष्णता पाण्यात किंवा चिखलात बसूनच घालवू शकते. जाडंभरडं रानगवत, झाडपाला यांवरही ती दूध देते आणि त्या दुधात साधारण सात टक्के स्निग्धांश असतो.

पर्यावरणशास्त्रज्ञ माधव गाडगीळ आणि मानवशास्त्रज्ञ कैलाश मल्होत्रा यांनी १९८०च्या सुमारास गवळी धनगरांचा बारकाईने अभ्यास केला. त्यांचं मुख्य काम महाराष्ट्रातल्या सह्याद्रीत झालं. पण त्यांनी जी मांडणी केली ती आपल्या खानापूरच्या जंगलालाही लागू पडते असं मला वाटतं. गवळी वस्ती करायचे माथ्यावर, कुणबी खाली खोऱ्यात. माथ्यावरून बाजार लांब, रस्ता नाही, आणि दूध काही तासांत नासतं. म्हणून गवळीण दुधाला विरजण लावायची, रवीने घुसळून लोणी काढायची आणि लोणी किंवा कढवलेलं तूप घेऊन खाली उतरायची. बदल्यात भात, नाचणी मिळायची. आता यात जरा थांबून पाहण्यासारखं आहे. ताक आणि दही घरात राहतं, म्हणजे दुधातली प्रथिनं घरातच राहतात. बाहेर जाते ती चरबी, जी टिकते, हलकी असते आणि किमतीला भारी. येताना डोक्यावरून येतं ते धान्य, म्हणजे पिष्टमय अन्न, जे माथ्यावर पुरेसं पिकत नाही. पोषणाच्या हिशेबात दोन्ही घरांचं अडत नाही.

कुणब्याकडे जनावरं थोडी, शेतीपुरती. मांसासाठी तो शिकार करायचा. गवळी शिकार करत नसे. त्यामुळे एकाच जंगलात राहूनही दोघांचा एकाच गोष्टीवर दावा क्वचितच यायचा. जीवशास्त्रात एकाच रानातल्या दोन जाती वेगवेगळं अन्न, वेगवेगळ्या उंचीवर शोधतात आणि त्यामुळे दोन्ही टिकतात, हे आपण पक्ष्यांच्या बाबतीत शिकतो. गाडगीळ-मल्होत्रांनी तेच माणसांच्या वस्त्यांमध्ये दाखवलं. ही वाटणी जातीच्या चौकटीत बसलेली होती, जन्मावर ठरलेली होती, हे विसरून तिचं गुणगान करणं मला पटत नाही. पण रानाचा वापर पिढ्यान्‌पिढ्या चालू ठेवूनही रान उभं होतं, हेही तितकंच खरं.

कुणब्यांची शेती दोन प्रकारची. खाली पाणथळ जागेत भात आणि उतारावर कुमरी. हिवाळ्यात रानाचा एक तुकडा तोडायचा, वाळवायचा, वळवाच्या आधी पेटवायचा आणि राखेत नाचणी, वरी पेरायची. हे रान जाळणं म्हणजे अडाणीपणा, असं शाळेत आपल्याला शिकवलं गेलं. मातीचं रसायन वेगळंच सांगतं. चार-पाच हजार मिलिमीटर पाऊस जांभ्या मातीतून पोटॅशियम, कॅल्शियम धुऊन नेतो. माती आम्ल होते. या रानात पोषकद्रव्यांचा मोठा साठा मातीत नसतो, तो झाडांच्या अंगात असतो. झाड जाळलं की तो राखेतून मातीत येतो आणि राख अल्कधर्मी असल्यामुळे मातीची आम्लताही उतरते. हा फायदा एक-दोन हंगाम टिकतो. मग तो तुकडा दहा-पंधरा वर्षं मोकळा सोडायचा, रान पुन्हा उभं राहू द्यायचं. म्हणजे कुमरी करणाऱ्या वस्तीला एका वेळी थोडीच जमीन लागते, पण तिचा मुलूख त्याच्या दहा-पंधरा पट मोठा असावा लागतो. सोडलेली जमीन पडीक नसते, ती रांगेत असते. महसूल खात्याच्या वहीत मात्र जिथे आज पीक नाही तिथे मालक नाही.

इंग्रजांना या रानातून साग हवा होता, जहाजांना आणि पुढे रेल्वेला. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून कुमरीवर बंधनं येत गेली आणि १८७८च्या वन कायद्याने राखीव जंगल ही कल्पना पक्की झाली. मोकळं सोडलेलं रान सरकारजमा झालं. फेरा आखडला की जमिनीला विसावा मिळत नाही, पीक घटतं, आणि मग कुमरीच वाईट असं म्हणायला मोकळीक मिळते.

कुणबी तरले ते बऱ्याच अंशी कंदांवर. जोयड्याच्या कुणब्यांच्या परसात सुरण, कोनफळ, कणगी, करांदे, अळकुड्या एकेका झाडाच्या आधाराने लावलेल्या असतात. गेली काही वर्षं जोयड्यात कंदांचा मेळाही भरतो, तो एकदा बघावा. सुरण कापताना हात खाजतात, कारण त्याच्या पेशींत कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे स्फटिक जुडग्यांनी बसलेले असतात. कापलं की ते कातडीत, घशात टोचतात. चिंच किंवा कोकमाचं आगळ घालून शिजवण्याची रीत चवीपुरती नाही. आंबटाने आणि उष्णतेने खाज उतरते. रानटी करांद्याची गोष्ट अजून कडू. त्याच्या फोडी करून उकळायच्या, ते पाणी टाकून द्यायचं, पुन्हा भिजवायच्या, तेव्हा कुठे तो पोटाला चालतो. कोणता करांदा कितीदा उकळायचा हे चुकलं तर पोट बिघडतं, म्हणून हे ज्ञान घरातल्या म्हाताऱ्या बाईकडून सुनेकडे, लेकीकडे हातोहात जातं. कोणत्या ओहोळाच्या काठाला कोणता कंद निघतो, हीसुद्धा त्याच ज्ञानाची दुसरी बाजू.

सिद्दींची गोष्ट वेगळी आणि मला सर्वांत अस्वस्थ करणारी. हल्याळ, यल्लापूर, जोयडा, अंकोला आणि आपल्या खानापूर तालुक्यात त्यांच्या वस्त्या आहेत. पोर्तुगीज आणि अरब व्यापाऱ्यांनी आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या माणसांचे हे वंशज. गोव्यातून पळालेले कित्येक जण घाट चढून या रानात शिरले, कारण इथे मालकाची माणसं पोचत नव्हती. आज त्यांच्यात हिंदू, मुसलमान आणि ख्रिस्ती तिन्ही आहेत, आणि घरात ते मराठी-कन्नड शब्दांची सरमिसळ असलेली कोकणी बोलतात.

हैदराबादच्या पेशी आणि रेणवीय जीवशास्त्र केंद्राच्या शास्त्रज्ञांचा सिद्दींच्या डीएनएवरचा अभ्यास २०११ मध्ये प्रसिद्ध झाला. पुरुषांच्या वाय गुणसूत्रात आणि आईकडून येणाऱ्या मायटोकाँड्रियाच्या डीएनएत आफ्रिकेतल्या, विशेषतः बांटू भाषक लोकांच्या, खुणा मिळाल्या. एकूण जनुकीय वारशात आफ्रिकेचा वाटा साधारण ६० ते ७५ टक्के निघाला. उरलेला भारतीय आणि थोडा युरोपीय. ही मिसळ गेल्या सुमारे दोनशे वर्षांतली, म्हणजे आठेक पिढ्यांतली, असाही अंदाज निघाला.

काळ कसा कळला? पत्त्यांच्या जोडात वरची अर्धी पानं लाल, खालची अर्धी काळी असं लावून एकदा पिसलं, तर लाल पानांचे मोठे गठ्ठे राहतात. दहादा पिसलं की गठ्ठे बारीक होतात. आई-बापाची गुणसूत्रं पुढच्या पिढीत जाताना अशीच तुटतात आणि जुळतात. सिद्दींच्या गुणसूत्रांवर आफ्रिकी आणि भारतीय तुकडे अजून लांब लांब आहेत, म्हणून मिसळ अलीकडची. तुकड्यांच्या लांबीवरून पिढ्या मोजता येतात. एकोणिसाव्या शतकात पोर्तुगालने आधी गुलामांचा व्यापार आणि मग गुलामगिरीही कायद्याने बंद केली. मिसळीचा काळ त्या सुमाराला येऊन टेकतो, हे मला महत्त्वाचं वाटतं.

मग सिद्दींना इथले आदिवासी म्हणायचं का, असा प्रश्न कुणी ना कुणी विचारतंच. माझं उत्तर हो असं आहे. मध, रानमेवा, औषधी झाडं यांची माहिती, रानाच्या कडेची भातशेती, डमामी या ढोलाच्या ठेक्यावरचा नाच, हे सगळं त्यांनी याच डोंगरात उभं केलं. मूळ कुठलं हे डीएनए सांगतो. मुलूख कुठला हे पायाखालच्या वाटा सांगतात.

कायद्याला हे पटायला फार वेळ लागला. २००३ मध्ये उत्तर कन्नड जिल्ह्यातले सिद्दी अनुसूचित जमातींच्या यादीत आले. जिल्ह्याचं नाव यादीत कंसात लिहिलेलं होतं, म्हणून हल्याळचा सिद्दी आदिवासी ठरला आणि त्याचाच खानापुरातला सोयरा ठरला नाही. बेळगाव आणि धारवाड जिल्ह्यांतल्या सिद्दींना यादीत यायला २०२० उजाडलं. सतरा वर्षं. या काळात किती मुलांची शाळेची फी, वसतिगृह, नोकरीची जागा हुकली असेल. कुणब्यांचं तर अजून अडलेलंच आहे. २००३ मध्येच गोव्यात कुणबी, गावडा आणि वेळीप अनुसूचित जमाती झाले. घाटाच्या वर, जोयडा आणि खानापुरात, त्याच रानात तीच शेती करणारे कुणबी कर्नाटकाच्या यादीत नाहीत. गवळी धनगरही नाहीत.

किनाऱ्यावरच्या हालक्कींचीही यादीत येण्याची मागणी जुनी आहे. आयुष्यभर रोपं वाढवणाऱ्या, झाडं लावणाऱ्या अंकोल्याजवळच्या होन्नळ्ळीच्या तुळसी गौडा त्यांच्यातल्याच. बियाणं कोणत्या झाडाचं घ्यावं हे त्यांना नुसत्या पाहण्यावरून कळायचं. पद्मश्री मिळाली, आणि डिसेंबर २०२४ मध्ये त्या गेल्या. कुमठ्याजवळ अघनाशिनीच्या खाडीत खाऱ्या पाण्यात उभा राहणारा कग्गा भात पिकतो, आणि भात निघाल्यावर त्याच खाचरात कोळंबी आणि मासे. घाटमाथ्यावर पडलेलं पाणी इथे समुद्राला भेटतं, म्हणून वरच्या धरणाचा किंवा कालव्याचा प्रश्न हा खालच्या खाडीचाही प्रश्न असतो. काळी नदीवर धरण झालं तेव्हा सुपा गावच पाण्याखाली गेलं, तालुक्याचं ठिकाण जोयड्याला हललं आणि विस्थापितांची वसाहत रामनगरला बसली.

यादीत असण्या-नसण्याचा फरक वनहक्क कायद्यात सगळ्यात जास्त बोचतो. २००६च्या या कायद्याप्रमाणे अनुसूचित जमातीच्या माणसाने १३ डिसेंबर २००५ पूर्वी त्या जमिनीवर होतो एवढं दाखवायचं. इतर पारंपरिक वननिवासींनी मात्र त्या तारखेआधीच्या तीन पिढ्या, म्हणजे ७५ वर्षं, रानात असल्याचं दाखवायचं. म्हणजे थेट १९३०. माथ्यावर म्हशी घेऊन वस्ती हलवणाऱ्या गवळ्याने १९३० चा कोणता कागद आणायचा? इंग्रजांच्या वन खात्याच्या दप्तरात त्याचं नाव असलंच तर चराईच्या दंडाच्या पावतीवर.

खानापूर तालुक्यातलं भीमगड अभयारण्य २०११ मध्ये जाहीर झालं आणि आतल्या गावांना बाहेर पडण्यासाठी पैसे देऊ केले जातात. पावसाळ्यात आजाऱ्याला खांद्यावरून उचलून कित्येक किलोमीटर रस्त्याला आणावं लागतं, तेव्हा ज्यांना जायचं आहे त्यांना कुणी अडवू नये. पण हक्क नोंदवायच्या आधी माणूस हलवला, तर तो काय सोडून गेला याची कुठेच नोंद राहत नाही. कायदाही आधी हक्क आणि ग्रामसभेची संमती, मग स्थलांतर असाच क्रम सांगतो.

पुराव्याच्या बाबतीत कायद्याचे नियम आपल्याला वाटतात त्यापेक्षा उदार आहेत. कंदमुळं गोळा करण्याच्या जागा, चराईची कुरणं, देवराई, पूज्य झाडं, तळी, स्मशान, सपाट केलेली जमीन, बांध, वडीलधाऱ्यांचा जबाब, संशोधन संस्थांनी केलेली नोंद, हे सारं पुरावा म्हणून चालतं. १९३० पाहिलेली माणसं आता जवळजवळ उरलेली नाहीत, म्हणून रानातल्या खुणांना महत्त्व आलं आहे. इथे विज्ञानाचं थेट काम आहे. कुमरीचा कोळसा मातीत सापडतो, पण गेल्या तीनशे वर्षांतलं वय कार्बनच्या पद्धतीने नीट ठरत नाही. सागाचं ठरतं. सदाहरित रानातल्या बहुतेक झाडांना स्पष्ट वर्षवलयं नसतात, सागाला असतात, आणि झाड न तोडता बारीक पोकळ गिरमिटाने खोडातून पेन्सिलीएवढी कांडी काढून ती मोजता येतात. खानापूर-हल्याळच्या पानझडी पट्ट्यात जुन्या कुमरीवर आपोआप उगवलेल्या सागाची वलयं शंभर भरली, तर तिथली शेती त्याआधीची. बेळगाव आणि धारवाडच्या वनस्पतिशास्त्र, भूगोल विभागांनी ग्रामसभांबरोबर अशा सागांची आणि कंदांच्या जागांची नोंद करायला हवी. गिरमीट, जीपीएस आणि वाट दाखवणारा गावकरी, एवढ्यावर सुरुवात होते.