‘छातीत पाणी झालंय’: फुफ्फुसात रक्त तुंबण्यामागची पार्श्वभूमी

बेळगावकडं खानापूर, निपाणी, चिकोडी कुठंही जावा, दवाखान्याच्या बाकड्यावर एक वाक्य हमखास कानावर पडतं, “छातीत पाणी झालंय म्हणालेत.” हातातल्या एक्स-रेच्या रिपोर्टवर लिहिलेलं असतं ‘कन्जेशन’, आणि घरात कन्जेशन म्हणजे नाक चोंदणं नाहीतर कफ. आमच्या मावशीचं मागच्या पावसाळ्यात हेच झालं. तीन आठवडे कफाचं औषध चालू होतं. पहिल्यांदा एक उशी, मग दोन, मग चादरीची घडी, शेवटी भिंतीला टेकून बसल्या बसल्या झोपायची. रात्री दोनला खानापूरच्या त्या धो धो पावसात उठून खिडकी उघडायची, म्हणायची वारा लागू दे. आणि त्याच्याही आधी एक दिवस जोडवी घट्ट झाली म्हणून तिनं साबण लावून काढून ठेवलेली, ते कुणाच्या लक्षातच आलं नाही. पायाला सूज, आडवं झालं की दम, हे दोन्ही एकाच दुखण्याचे आहेत असं घरात कुणाला वाटलं नाही, कारण सगळे कफाच्या मागं लागले होते.

घोळ खरं तर ‘पाणी’ या शब्दाचा आहे. आमच्या आज्ज्याच्या पिढीत छातीत पाणी म्हणजे टीबी, आणि टीबी म्हणजे मिरज गाठायची. ते पाणी फुफ्फुसाच्या बाहेर, वरच्या आवरणात साठतं, पाठीत सुई घालून बाटलीभर पिवळं पाणी काढलेलं लोकांनी डोळ्यांनी बघितलंय, म्हणून आजही नातेवाईक सरळ विचारतात, “सुई घालून काढून टाका की ओ डॉक्टर.” पण इथं ज्याच्याबद्दल बोलतोय ते पाणी फुफ्फुसाच्या आत असतं, स्पंजात मुरल्यासारखं, ते सुईनं निघत नाही. आणि त्याच्याही आधीची पायरी म्हणजे पाणी नव्हेच, नुसतं रक्त. शिरा फुगलेल्या, रक्त पुढं सरकेना, तेच कन्जेशन. छापील मराठीत याला रक्ताधिक्य, रक्तसंचय असे शब्द आहेत, पण ते कुणी बोलत नाही. मला विचाराल तर आपल्याकडं याच्यासाठी अगदी नेमका शब्द आहे, तुंबणं. कन्नडमध्ये तुंबु म्हणजे भरणं, ‘नीरु तुंबिदे’ म्हणजे पाणी भरलंय, एवढंच. मराठीत मात्र गटार तुंबलं म्हटलं की पुढं कुठंतरी अडलंय हे न सांगता कळतं. या दुखण्यात नेमकं तेच होतं. डावं हृदय पुढं ढकलेना, म्हणून मागं फुफ्फुसात रक्त तुंबतं. ‘पाणी झालं’ म्हटलं की माणूस फुफ्फुसाकडं बघतो, ‘तुंबलं’ म्हटलं की पुढं काय अडलंय ते विचारतो. दोन्ही भाषा बोलणाऱ्या घरात हा फरक रोज पुसला जातो, आणि डॉक्टर, नर्स सगळे ‘पाणी’च म्हणतात.

मराठीतला दम आणि कन्नडमधला दम्मु, यांचंही तसंच. दोन्हीकडं लोक दमाच समजतात. पण हृदयामुळं रात्री लागणारा दम वेगळा, हे १८३० च्या दशकातच युरोपात ओळखलं गेलं होतं आणि त्याला हृदयाचा दमा असं नावही पडलं होतं. त्याच सुमारास एका इंग्लिश डॉक्टरनं मांडलं की हृदय कमी पडलं की रक्त मागं साठतं. पुढं विसाव्या शतकाच्या सुरुवातीला दुसरी बाजू आली, मागं साठणं महत्त्वाचं नाही, पुढं रक्त कमी पोचतं तो खरा त्रास. हा वाद बरीच वर्षं चालला. आज दोन्ही खरं धरतात, कारण पुढं कमी गेलं की किडनी मीठ-पाणी धरून ठेवते आणि मागचं तुंबणं आणखी वाढतं. मधे १८९६ साली केशवाहिनीच्या, म्हणजे केसासारख्या बारीक रक्तवाहिनीच्या आतबाहेर पाणी कुठल्या दाबानं ये-जा करतं त्याचं गणित मांडलं गेलं, त्याच्यावर आजही सगळं उभं आहे. फुफ्फुसाच्या केशवाहिन्यांत दाब साधारण ६ ते १२ मिलिमीटर पारा असतो, १८ च्या वर गेला की पाणी झिरपायला लागतं, २५ च्या पुढं हवेच्या पिशव्या भरतात आणि गुलाबी फेस तोंडात येतो. हे आकडे खाटेवरच्या पेशंटमध्ये मोजणं सोपं झालं ते १९७० साली टोकाला फुगा लावलेली बारीक नळी आल्यावर.

आता हृदयाच्या झडपेचं. आपल्याकडं असं तुंबण्याचं मोठं कारण म्हणजे लहानपणी घसा धरून मग सांधे धरणारा ताप. ताप जातो, पण डाव्या बाजूची झडप वर्षानुवर्षं आक्रसत जाते. श्रीमंत देशांत हे पन्नाशीकडं दिसायचं, भारतात विशीच्या आतल्या पोरापोरींत. आणि बाईला दिवस गेले की पहिल्यांदा उघडं पडायचं, कारण गरोदरपणात रक्त जवळपास निम्म्यानं वाढतं आणि अरुंद झडपेतून तेवढं जाईना. सातव्या-आठव्या महिन्यात दम लागतो तो पोटामुळं, असं म्हणून किती जणींना घरात बसवलं असेल. अशा जुन्या तुंबण्यात फुफ्फुस हळूहळू सोसायला शिकतं, शिरांच्या भिंती जाड होतात, लसीकावाहिन्या नावाच्या बारीक नळ्या जास्तीचं पाणी ओढून नेतात, म्हणून दाब २५ च्या वर असूनही माणूस चालताना दिसतो. किंमत उजव्या हृदयाला मोजावी लागते, ते थकलं की पाय सुजतात, लिव्हर वाढतं. १९४८ पासून सर्जन बोट घालून झडप फाकवायला लागले, १९८० च्या दशकात जांघेतून फुगा नेऊन फाकवणं आलं. पण ताप येऊन गेलेल्या पोराला दर तीन आठवड्यांनी पेनिसिलिनचं इंजेक्शन, हा सगळ्यात स्वस्त उपाय, आणि तोच सुटतो, कारण पोरगं बरं दिसतं.

औषधांची गोष्ट आधीच्या काळात सांगण्यासारखी फार नाही. १७८५ साली हृदयाला जोर देणाऱ्या डिजिटॅलिस या झाडाच्या पानांवर इंग्लंडात पुस्तक आलं. बाकी रक्त काढणं, मॉर्फिन, आणि हातापायांना आळीपाळीनं पट्टे आवळणं, म्हणजे तीन आवळायचे एक मोकळा, म्हणजे तेवढं रक्त छातीकडं परत येत नाही. हे विसाव्या शतकात बराच काळ चाललं. १९६० च्या दशकात लघवीवाटे मीठ-पाणी काढून टाकणारं लॅसिक्स आलं आणि चित्र पालटलं. १९८७ साली उत्तर युरोपातल्या एका चाचणीत, हृदय कमी पडलेल्या अगदी शेवटच्या टप्प्यातल्या पेशंटांत, एका नव्या बीपीच्या गोळीनं सहा महिन्यांतले मृत्यू ४४ टक्क्यांवरून २६ टक्क्यांवर आणले. आणि हृदयाचे ठोके कमी करणाऱ्या गोळ्या, ज्या या दुखण्यात द्यायच्याच नाहीत असं शिकवलं जायचं, त्या १९७५ साली स्वीडनमध्ये सात पेशंटांना देऊन बघितल्या, कुणी फारसं मनावर घेतलं नाही, १९९९ पर्यंत मोठ्या चाचण्या आल्या आणि नियमच उलटा झाला. २०१९ पासून तर शुगरसाठी काढलेली गोळी शुगर नसलेल्यांनाही याच्यासाठी देतात.

पण इकडं सगळ्यात जास्त वाद घालावा असं मला वाटतं ते सलाईनवर. अशक्तपणा आला, जेवण जाईना, की “एक बाटली चढवा की.” म्हातारं माणूस, आधीच पाय सुजलेले, आणि अर्ध्या तासात अर्धा लिटर आत. नॉर्मल सलाईन ०.९ टक्क्याचं, म्हणजे अर्ध्या लिटरच्या एका बाटलीत साडेचार ग्रॅम मीठ, आणि मोठ्या माणसानं दिवसभरात ५ ग्रॅमच्या आत मीठ खावं असं सांगतात. जुलाब-उलट्यांत, डेंगीत सलाईन जीव वाचवतं, त्याबद्दल वाद नाही. पण हृदय कमजोर असलेल्याला नुसत्या अशक्तपणासाठी दिलेली बाटली रात्री फेस होऊन वर येऊ शकते. मावशीलाही एका दवाखान्यात लावली होती, घरच्यांनीच हट्ट धरला म्हणून. दोन तासांत खाट सोडून उठून बसली, ओठ निळे. त्याच्या जोडीला घरात उन्हाळ्यात घातलेले सांडगे, पापड, खारातली मिरची, आणि गुडघ्यासाठी दुकानातून आणलेल्या दुखण्याच्या गोळ्या. त्या गोळ्या किडनीकडून मीठ अडवून ठेवतात, हे त्या पाकिटावरच्या बारीक अक्षरात कोण वाचतंय.

हृदय चांगलं असूनही फुफ्फुस भरतं याचं उदाहरण आमच्याकडच्या घरांना माहीत आहे. सीमाभागातून पलटणीत जाणारी पोरं कमी नाहीत. १९६२ च्या चीनच्या लढाईनंतर लडाखच्या उंचीवर जवान झपाट्यानं चढवले गेले, आणि धडधाकट पंचविशीतली पोरं दोन-तीन दिवसांत दम लागून पडायला लागली. लष्करी डॉक्टरांनी १९६० च्या दशकात याच्या ज्या नोंदी केल्या त्या जगभर वाचल्या गेल्या. ऑक्सिजन कमी पडला की फुफ्फुसातल्या शिरा आवळतात, सगळीकडं सारख्या नाही, म्हणून जिथं मोकळ्या राहतात तिथं रक्ताचा लोंढा जातो आणि पाणी झिरपतं. खाली आणणं आणि ऑक्सिजन, हाच मुख्य उपाय. याला कन्जेशन म्हणायचं का यावर जाणकारांचं एकमत नाही, कारण इथं पुढं काही अडलेलं नाही. माझ्या मते तुंबणं हा शब्द इथं चालत नाही, पाणी भरलं असंच म्हणावं.

आणि एक्स-रे. उभं राहून काढला तर वरच्या भागातल्या शिरा बारीक दिसतात, त्या जाड दिसल्या तर तुंबण्याची खूण. पण पेशंट आडवा असताना काढला तर चांगल्या माणसाच्याही वरच्या शिरा भरलेल्या दिसतात. खाटेवर काढलेल्या फिल्मवर कन्जेशन लिहून येतं, त्याच्यावर लॅसिक्स चालू होतं, म्हणून रिपोर्ट बघताना पहिल्यांदा विचारायचं, उभ्यानं काढलाय की झोपवून. आता छातीवर सोनोग्राफीचा प्रोब ठेवून उभ्या पांढऱ्या रेघा मोजतात, एका रक्ततपासणीतून हृदयावरचा ताण कळतो, तालुक्यापर्यंत ते हळूहळू पोचतंय. मावशीकडं मात्र एक वजनकाटा आहे. रोज सकाळी चहाच्या आधी त्याच्यावर उभी राहते आणि कॅलेंडरच्या चौकटीत आकडा लिहिते, कन्नड आकड्यात, कारण शाळा कन्नडची. तीन दिवसांत दोन किलो वाढले तर फोन करायचा असं सांगितलंय. श्रावणात एकदा केला होता, गोळी वाढवली, जोडवी काढायची वेळ आली नाही.