चिकन पुलावचा खिमट का होतो? पाण्याचा हिशेब मांडून बघा

भाताला पाणी किती विचारलं की आपल्याकडे डोळे झाकून उत्तर येतं, एकाला दोन. साध्या भाताला हे चालून जातं. पण संध्याकाळी ऑफिसातून येऊन अर्धा किलो चिकन, दोन वाट्या बासमती, दही, टोमॅटो, मसाला सगळं एका कुकरात ढकललं आणि सवयीने चार वाट्या पाणी ओतलं, की झाकण उघडल्यावर पुलाव नाही, मसालेदार खिमट निघतं. मग खापर तांदळावर, नाहीतर दुकानदारावर.

आता गणित बघू. कोरड्या तांदळात १२-१३ टक्के पाणी असतं, मोकळ्या शिजलेल्या भातात साधारण ६५ टक्के. म्हणजे १०० ग्रॅम तांदळाला दीडशे ग्रॅमच्या आसपास पाणी पुरतं, वाटीच्या मापात बोलायचं तर एका वाटीला सव्वा वाटी. जुना तांदूळ थोडं जास्त पितो, पण फार नाही. मग एकाला दोन मधलं उरलेलं पाऊण वाटी पाणी जातं कुठे? वाफ होऊन उडतं. आणि गंमत अशी की किती उडणार ते भांड्याचं तोंड, झाकण आणि वेळ यांवर ठरतं, तांदूळ किती घेतलाय यावर जवळजवळ नाहीच. म्हणून त्याच टोपात चार वाट्या तांदूळ लावला तर पाच वाट्या प्यायला आणि पाऊण उडायला, झालं, आठ वाट्या कशाला? पाहुणे आले की भात हमखास गिचका होतो त्याचं कारण हे. कुकरात तर शिट्टीतून जाईल तेवढीच वाफ जाते, त्यामुळे तिथे अजून कमी लागतं.

पुलावात खरा घोळ घालतं ते चिकन, आणि माझा आवडता भाग हाच आहे. चिकनच्या मांसात जवळपास पाऊण हिस्सा पाणी असतं. ते कुठल्या पिशवीत भरलेलं नसतं. स्नायूच्या तंतूंमधे मायोसिन आणि अ‍ॅक्टिन या प्रोटीनच्या अतिशय बारीक दोऱ्या एकमेकींना समांतर असतात आणि त्यांच्या मधल्या फटींमधे ते पाणी धरून ठेवलेलं असतं. तापमान ५० अंशांच्या आसपास गेलं की मायोसिनची घडी विस्कटून ते गोळा व्हायला लागतं, फटी अरुंद होतात, ६०-६५ ला भोवतीचं कोलॅजन या चिवट प्रोटीनचं आवरण आकसायला लागतं, सत्तरच्या पुढे अ‍ॅक्टिनही जातं, आणि ओला पंचा पिळावा तसं पाणी बाहेर. शिजलेलं चिकन कच्च्यापेक्षा २०-२५ टक्के हलकं भरतं, तो बहुतेक सगळा या पाण्याचा हिशेब. हाडं वजा करूनही अर्ध्या किलोतून अर्धी वाटी पाणी सहज सुटतं.

"आधी मोठ्या आचेवर परता म्हणजे रस आत लॉक होतो" हे प्रत्येक कुकिंग व्हिडिओत ऐकू येतं. १८४७ साली युस्टुस फॉन लीबिग या मोठ्या जर्मन केमिस्टने ही कल्पना मांडली आणि तेव्हापासून ती मरायला तयार नाही. पाणी पिळलं जातंय आतून, वरचा भाजलेला थर काही वॉटरप्रूफ होत नाही. कढईत जो चर्र आवाज येत राहतो तो बाहेर पडणाऱ्या पाण्याचाच तर असतो. परतायचं ते रंगासाठी आणि चवीसाठी, त्यासाठी जरूर परता.

पाणी धरून ठेवायचंच असेल तर मीठ कामाचं. मिठातले क्लोराइड आयन म्हणजे ऋण भाराचे कण प्रोटीनला चिकटतात, दोऱ्यांवरचा ऋण भार वाढतो, त्या एकमेकींना ढकलतात आणि फटी रुंद होतात. मांसाचा पीएच (आंबटपणाचं माप, जितका कमी तितकं आंबट) साधारण ५.८-६ असतो आणि या प्रोटीनचा समविद्युत बिंदू ५.२ च्या जवळपास, तिथे भार शून्य म्हणून पाणी धरायची ताकद सगळ्यात कमी, त्यामुळे नुसतं आंबट दही लावून तुम्ही पीएच त्या बिंदूकडे ढकलत असता, पण मीठ हा बिंदूच खाली सरकवतं. (हे डोक्यावरून गेलं तर सोडून द्या, दह्यात मीठ विसरू नका एवढंच.) आणि रात्रभर ठेवून मसाला हाडापर्यंत मुरतो वगैरे काही नसतं, मीठ आत जातं, हळद-तिखट-गरम मसाल्याचे मोठे रेणू वरच्या काही मिलिमीटरमधेच अडकतात. घाईच्या दिवशी अर्धा तास भरपूर झाला.

मीठ-हळद लावून नळाखाली खळखळून धुतलं की चिकनचे जंतू मरतात असंही लोक छातीठोकपणे सांगतात. मरत नाहीत, सिंकभर उडतात, शेजारी ठेवलेल्या कोथिंबिरीवर सुद्धा. मारते ती उष्णता, आत ७४ अंश झालं की काम झालं, आणि कुकरात तर पाणीच १२० च्या आसपास उकळतं. शिवाय धुतलेलं चिकन न निथळता टाकलं तर ते पाणीही पुलावातच येतं!

आता बेरीज. दोनशे मिलीच्या वाटीने दोन वाट्या तांदूळ, प्यायला अडीच वाट्या, शिट्टीला पाव-अर्धी, म्हणजे पावणेतीन-तीन वाट्या. अर्धा तास भिजवलेल्या तांदळाने त्यातलं पाव वाटीपेक्षा जास्त आधीच घेतलेलं असतं. चिकनचं अर्धी वाटी. शंभर ग्रॅम दह्यात ८५ ग्रॅमच्या आसपास पाणी, तेवढ्याच टोमॅटोत ९४, मिळून जवळजवळ एक वाटी. सगळं कच्चंच कुकरात टाकणार असाल तर वरून जेमतेम सव्वा वाटी पाणी लागतं. वाचून भीती वाटेल, पण करून बघा. फक्त तळाला चिकन-मसाला आणि वर तांदूळ असा थर लावा आणि आच बारीक ठेवा, नाहीतर खाली लागेल.

आधी तेल सुटेपर्यंत मसाला परतलात तर मात्र हिशेब बदलतो. मसाल्यात पाणी आहे तोवर तेलाचे थेंब त्यात विखुरलेले असतात आणि तापमान शंभरच्या वर सरकत नाही. पाणी उडालं की थेंब एकत्र येतात, कडेला लालसर तेल दिसायला लागतं आणि तिथून पुढे कांदा-मसाला खरा भाजला जातो. म्हणजे तेल सुटलं याचा अर्थ दही-टोमॅटोचं पाणी गेलं, चिकनचंही थोडं गेलं, मग दोन वाट्या पाणी घाला. ते उकळतं घाला. बासमतीत अमायलोज नावाचा सरळ साखळीचा स्टार्च बऱ्यापैकी असतो म्हणून दाणा मोकळा राहतो, इंद्रायणीत तो कमी, ती चिकटणारच, तिचा पुलाव मऊ होतो म्हणून रडू नका.

शिट्टी झाल्यावर दहा मिनिटं झाकण उघडू नका, दाण्याच्या बाहेरचं पाणी आत जायला तेवढा वेळ लागतो. उरला तर रात्रभर ओट्यावर ठेवायचा नाही, बॅसिलस सिरियस नावाच्या जिवाणूचे बीजाणू उकळूनही टिकतात आणि कोमट भातात वाढतात, तासा-दोन तासात फ्रीजमधे टाका. दुसऱ्या दिवशी दाणे कडक लागतील कारण स्टार्चच्या साखळ्या थंडीत परत जुळतात. दोन चमचे पाणी शिंपडा, झाकण ठेवा आणि चांगली वाफ येऊ द्या.